तोन्कोरीतला निळा मणी

विनिफ्रेड : एलायस, तू माझ्या तोन्कोरीला हात लावलास?

एलायस : नुसता हात? दुरुस्त केली! केवढी खुळखुळत होती. उलटी धरून हलवली, तर मधल्या भोकातून निळा मणी पडला. थँक्यू म्हण.

विनिफ्रेड : तो तिचा जीव होता!

एलायस : विनी, लॉकडाउन सगळ्यांनाच जड जातोय गं.

विनिफ्रेड : मस्करी नको. जपानचे आदिवासी ऐनू लोक हे वाद्य बनवताना त्याच्या पोटात मणी ठेवतात. त्याशिवाय ती नुसती पाच तारांची फळी. मला शिकवणाऱ्या हारुएबाईंच्या आईने आपण ऐनू आहोत हे कुणाला कळू नये म्हणून अशा मण्यांची आख्खी माळ जन्मभर लपवून ठेवली. त्यातला एक मणी बाईंनी जपानहून मला पाठवला. म्हणाल्या, आता वाजू दे. आणि आज त्या पहिल्यांदा ऐकणार आहेत!

एलायस : कधी?

विनिफ्रेड : आत्ता! ऑनलाइन क्लासला! पाच किलोमीटरच्या बाहेर जाता येत नाही म्हणून घरात दिसेल ते दुरुस्त करत सुटलायस. मणी कुठाय?

एलायस : लूडोत.

विनिफ्रेड : कशात?

एलायस : निळी सोंगटी हरवली होती ना... कॅसी, बाळा, तो मणी दे.

कॅसी : नो वे! आय ॲम विनिंग.

एलायस : मम्मा मला टार्निट स्टेशनवर झोपायला पाठवेल.

कॅसी : फक्त एक सिक्स पडू दे. प्लीज, पप्पा!

एलायस : टाक, टाक लवकर! ...तीन.

कॅसी : तू टेबल हलवलंस! चीटर!

विनिफ्रेड : गप्प बसा दोघं! बाई आल्या.

(विनिफ्रेड इयरफोन लावून लॅपटॉपसमोर बसते आणि हळू आवाजात इंग्रजीत बोलते.)

एलायस : काय सांगितलंस?

विनिफ्रेड : सगळं. लूडोसकट.

एलायस : लूडो कशाला सांगायचा! चिडल्या?

विनिफ्रेड : चष्मा काढून डोळे पुसतायत, इतक्या हसल्या. विचारतायत, मणी जिंकला का?

कॅसी : ऑलमोस्ट!

विनिफ्रेड : कॅसी, तूच आत टाक म्हणाल्या. हळूच हं. ...गेला.

एलायस : आता चेहरा का दिसत नाही? नेट गेलं?

विनिफ्रेड : नाही. कान स्क्रीनला लावून बसल्यात. म्हणतायत, ज्यांनी खुळखुळ बंद केली त्यांनीच एकदा हलवून दाखवावी.

एलायस : मी?

विनिफ्रेड : दोन्ही हातांनी धर.