शिलाई मशीनच्या खुणा

डोळ्यांच्या दवाखान्यात थेंब घालून बसलेल्या घड्याळजींना अर्धा तास डोळे उघडायला बंदी होती. कानांना मात्र मोकळं रान होतं. शेजारी त्यांच्यासारखेच डोळे मिटून बसलेले एक आजोबा होते आणि त्यांची माहितीपट करणारी लेक.

"बाबा, आपल्या जुन्या घराचं शूटिंग करून आले."

"सापडलं बरं तुला!"

"न सापडायला काय झालं? जिना चढलं की डावीकडचं दार, आत हिरवी खिडकी..."

"हिरवी?"

"हो. आणि खिडकीखाली फरशीवर शिलाई मशीनच्या पायांच्या खुणा. तासभर त्याच टिपल्या."

"अगं वेडाबाई, तुझ्या आईला साधं बटण लावायचं म्हणजे संकट! ते शिंपीणकाकूंचं घर. आपलं उजवीकडचं."

"काहीतरीच! मी त्या मशीनशेजारी झोपायचे."

"झोपायचीसच. आई आठ महिने इस्पितळात, मी कारखान्यात. काकू तुला पायाशी निजवून मशीन चालवायच्या."

"म्हणजे मला आठवतात ते पाय... आईचे नव्हेत?"

"नाही गं."



"पुन्हा जाऊन आपलं घर टिपायला हवं."

"काय टिपणार? त्या वर्षी आपल्या दाराला दिवसभर कुलूप. त्यापेक्षा काकूंच्या नव्या घरी जाऊ. थकल्यात, पण मशीन सोडलेलं नाही."

"ओळखतील मला?"

"न ओळखायला काय झालं? फक्त ही तुझी बाही उसवलीय, मघापासून हाताला लागतेय, ती शिवू नकोस. काकूंसाठी तशीच राहू दे."