ओवा-मिरीचा मंत्र

रंजिता : नाही आई, मी ओट्यावर येणार नाही. त्यांना सांगा, सुनेला ताप आलाय.

कौसाबाई : ताप उना सांगं तर आखो बसतीन. विसरवाडीथून जीप करीसन उन्यात त्या बाया. एक डाव मंतर म्हनी दे ना, पोरी. तुले काय जड शे?

रंजिता : ती गोष्ट आहे हो. मोबाईलवर लोक ऐकतात ती गोष्ट. धुक्याचा डोंगर, त्याच्या पोटात अडकलेली माणसं, मंत्र म्हणून त्यांना सोडवणारी ओरवी. हे सगळं मी ह्याच स्वयंपाकघरात बसून रचलं. मंत्रसुद्धा. ओरवीचा आवाज तेवढा माझा.

कौसाबाई : ओमिरा नेमू, नेमू नायरा. थिरवे थिरवे, वनवा तायरा...

रंजिता : ओमिरा म्हणजे ओवा आणि मिरी. डबे समोर होते म्हणून. नेमू आमच्या नाशिकच्या घरचं मांजर. आणि तायरा म्हणजे अंगणात पडलाय तो ट्रॅक्टरचा टायर.

कौसाबाई : डबा तं मन्हा समोर बी इतला वरीस व्हतात. माले कसा नही सुचना मंतर?

रंजिता : परवा मी मोबाईलवर सगळ्यांना स्पष्ट सांगितलं, की ह्याला काही अर्थ नाही.

कौसाबाई : आयकं मी. बाया म्हनतस, देवी परीक्षा ली ऱ्हायनी.

नवनीत : माय, तू जरा बाहेर बस. माले रंजितासंगे बोलनं शे.

कौसाबाई : मन्हाबद्दलच बोलशी. आठेच बोल.

नवनीत : बरं. मंग पदर काढ नि हात दखाड तिले.

कौसाबाई : काही व्हयनं नही. जरासं भाजनं.

रंजिता : बघू. आई, केवढा फोड आलाय. कधी झालं हे?

नवनीत : काल, तू नंदुरबारला गेली होतीस तेव्हा. चुलीपुढे बसली होती आणि फिट आली. मी गोठ्यात होतो म्हणून लवकर आलो. नंतर तिच्या गोळ्यांचं पाकीट काढून पाहिलं. कितीक दिवस हात लावलेला नाही त्याला.

रंजिता : डॉक्टरांनी बजावलं होतं ना, एक दिवससुद्धा चुकवायची नाही म्हणून?

कौसाबाई : आते गोया कसाले? त्या दिन झटका उना तवय मोबाईल चालू व्हता. तुन्हा आवाज कानमा गया नि मी उठी बसनू. त्या दिनपाईन बंद करी टाक्यात.

रंजिता : तो आपला आपण थांबतो, आई. दर वेळी थांबतो.

नवनीत : नि काल मोबाईल चालू नही व्हता का?

कौसाबाई : व्हता. पन मंतर अर्धा व्हयना नि बॅटरी गई. पुरा व्हता तर झटका उनाच नसता. जास मी, त्या बायास्ना चहा ठेवस.

(कौसाबाई मागच्या पडवीत जातात.)

नवनीत : तिला तूच सांग.

रंजिता : मघापासून काय करतेय मी?

नवनीत : तसं नाही. ओरवी होऊन सांग. मंत्रात गोळी घाल.

रंजिता : खोटं बोलू?

नवनीत : ती गोष्ट आहे हे मला कळत नाही का? तू रचत होतीस तेव्हा शेजारी शेंगा सोलत मीच बसलो होतो. पण माय माझं ऐकत नाही, डॉक्टरांचं ऐकत नाही. तुझं ऐकते.

रंजिता : माझं नाही हो. ओरवीचं ऐकते. मी खरं बोलले की ते कोणाच्या कानातच शिरत नाही.

नवनीत : तेच म्हणतोय.

रंजिता : आणि मी एकदा ओरवी होऊन बोलले, की मग? आज निदान मी नाही म्हणतेय. उद्या तेही म्हणता यायचं नाही. सोमवारी मला नाशिकला जायचंय. नवी गोष्ट रेकॉर्ड करायचीय. त्यात डोंगर नाही, मंत्र नाही, साध्या एका शाळेतल्या बाईंची गोष्ट आहे.

नवनीत : मग जा ना सोमवारी. मी कुठे अडवतोय?

रंजिता : मंगळवारची गोळी कोण देईल?

नवनीत : मंगळवारचं मंगळवारी बघू. आजची पोटात जाऊ दे. रंजिता, काल ती पालथी पडली असती तर चेहराच गेला असता.

रंजिता : बाहेरच्यांसमोर मी काही म्हणणार नाही.

नवनीत : फक्त माय. दार लावतो मी. माय, ये वं आत.

कौसाबाई : आते काय?

रंजिता : बसा, आई. इथे, माझ्यासमोर. डोळे मिटा. ओमिरा नेमू, नेमू नायरा. थिरवे थिरवे, वनवा तायरा. ऐका, ओरवी सांगतेय. मंत्र कानातून आत जातो, पण अंगात टिकायला त्याला आधार लागतो. तो आधार म्हणजे ही गोळी. सकाळी एक, रात्री एक. चुकली, तर मंत्र निघून जाईल.

कौसाबाई : हाई मोबाईलमा कसाले नही सांगं?

रंजिता : तिथे सगळ्यांसाठी असतं. हे तुमच्यासाठी.

कौसाबाई : मन्हासाठे. आन, दे.

नवनीत : ले, पानी ले.

कौसाबाई : गिळी मी. दखा, जीभखाले बी नही.

रंजिता : शाब्बास. आता त्या बायकांना चहा देऊन वाटेला लावा.

कौसाबाई : त्या दारले कान लाईसन बठेल शेत. विसरवाडीनी कालीबाई रडी ऱ्हायनी. म्हनस, मन्हा पोरनी गोई बी देवीनाच हातथून पाहिजे.

रंजिता : तिच्या पोराची गोळी? तिनेही बंद केलीय?

कौसाबाई : तिनीच नही, बठ्ठ्यास्नी बंद करेल शे.

नवनीत : रंजिता, मी सांगतो त्यांना काहीतरी.

रंजिता : तुमचं कोण ऐकणार आहे? दार उघडा.

नवनीत : आणि सोमवारचं तिकीट?

रंजिता : दार उघडा म्हटलं ना.

कौसाबाई : थांबा, चटई टाकस. खाले धुयमा नका बसू तुम्ही.

रंजिता : आई, हे काय? पाया काय पडता? मी सून आहे तुमची. मला तू म्हणा.

कौसाबाई : आते कसं म्हनू, माय?