संमतीचा तास

काका — “…सबब, काळविद्येच्या सामाईक वापराचा हा करार अमलात आल्यापासून वरच्या अथवा खालच्या शहरातील कोणाचाही तास त्याच्या संमतीवाचून घेण्यात आलेला नाही.” बस. एवढ्याखाली तुझी सही. खालच्या शहराची इतिहासकार म्हणून. उद्या सभेत नूतनीकरण झालं की सुटलो.

पुतणी — वाक्य देखणं आहे. देखण्या वाक्यांची मला आताशा धास्तीच वाटते, काका. ही संमती घेता कशी, तेवढं करारपालांच्या तोंडून ऐकू द्या.

काका — सगळं आयुष्य त्या करारात घातलंस आणि मला विचारतेस? वरच्यांना एखादा तास पुन्हा जगायचा असला, की तो संपायच्या आत मी स्वतः खाली येतो, गल्लीत घंटा वाजवतो. नाद विरेपर्यंत कोणी ‘नको’ म्हटलं नाही, की संमती. मग तो तास वर पुन्हा उगवतो.

पुतणी — आणि खालच्यांच्या डोक्यातून पुसला जातो. घंटेसकट. ज्या तासात विचारता, तोच तास नेता. विचारल्याची आठवणही त्याच्या पोटात जाते. चोराने घरधन्याची रीतसर परवानगी घ्यावी आणि निघताना घरधन्याचं डोकंच उचलून न्यावं, तशी ही संमती.

काका — ते कलम खालच्या शहरानेही मान्य केलंय. हक्क दोन्हीकडे सारखा आहे.

पुतणी — सारखाच. चक्र तुमच्या मनोऱ्यात, किल्ली तुमच्या कमरेला आणि सारखेपणा आमच्या पाठ्यपुस्तकात.

काका — जीभ अगदी वहिनींची घेतलीस.

पुतणी — आईचं नाव तुम्हीच काढलंत, बरं झालं. ती गेली त्या दुपारी मी तिचा हात धरून बसले होते. ऊन पलंगाच्या पायथ्याशी होतं. पुढच्या क्षणी ऊन भिंतीवर चढलेलं, मी खिडकीपाशी उभी आणि आई गार. घरच्यांना सांगितलं, डोळा लागला. धाकटी अजून माझ्याशी धड बोलत नाही. आई मरत होती आणि ही झोपली. पण झोपलेलं माणूस खिडकीपाशी उभं असतं का, काका?

काका — दमली होतीस, पोरी.

पुतणी — उद्याच्या सभेला माझा तर्क चालणार नाही. करारपालाची कबुली असेल, तरच करार मोडतो. म्हणून विचारते. आईचा तो तास तुम्ही नेलात?

काका — नेला.

पुतणी — इतक्या सहज सांगता?

काका — हे तू पहिल्यांदा विचारत नाहीस. दर नूतनीकरणाच्या आधी विचारतेस आणि दर वेळी मी खरंच सांगतो. मागच्या खेपेला खुर्ची भिरकावलीस. पाय मीच बसवला तिचा. डुगडुगते ना अजून?

पुतणी — सुताराला दोनदा बोलावलं मी. तो म्हणाला, कोणीतरी अडाण्याने खिळा ठोकलाय.

काका — सुतारकाम कधी जमलंच नाही मला.

पुतणी — म्हणजे हा तासही…

काका — वर अर्ज मंजूर झालाय. थोड्या वेळाने घंटा वाजवायची. माझ्या हातात करारपालाचं हे कडं आहे, म्हणून मला सगळं आठवतं. तुला नाही.

पुतणी — म्हणजे मी तुमची मोरी. पाप धुवायचं आणि पाणी सोडून द्यायचं.

काका — दुसरी जागा नाही गं मला.

पुतणी — तो कागद द्या इकडे.

काका — लिही. मागेही लिहून मुठीत धरला होतास. बोटं सोडवताना तुझं नख लागलं मला. घरी मांजरावर ढकललं.

पुतणी — आणि सही? ती मी करणार नाही.

काका — करत नाहीसच कधी. सभा ‘आक्षेप आढळला नाही’ असं धरते आणि पुढे जाते.

पुतणी — आईचा तास कशाला हवा होता वर?

काका — नगराध्यक्षांचं भाषण फसलं होतं. त्यांना ते पुन्हा करायचं होतं.

पुतणी — दुसऱ्यांदा जमलं?

काका — नाही. त्याच शब्दावर अडखळले.

पुतणी — आई काही बोलली?

काका — मी खाली गल्लीत होतो. एवढंच कानावर आलं, “खिडकी लाव गं, त्या घंटेचा त्रास होतो.” मग तू खिडकीशी आलीस.

पुतणी — पुढे?

काका — राहू दे ना आता.

पुतणी — पुढे, काका?

काका — तू ‘नको’ म्हणालीस. मी ऐकलं. तरी चक्र फिरवायची खूण केली.

पुतणी — पुन्हा म्हणा.

काका — वेळ झाली, पोरी.

(काका घंटा वाजवू लागतो.)

पुतणी — नको! ऐकलंत? नको म्हणतेय मी!

काका — ऐकलं. नाद विरेपर्यंत बोल काय बोलायचं ते.

पुतणी — “तू ‘नको’ म्हणालीस. मी ऐकलं. तरी चक्र फिरवायची खूण केली.” “तू ‘नको’ म्हणालीस. मी ऐकलं. तरी चक्र…” “तू ‘नको’ म्हणालीस. मी ऐकलं.”