हिरोईन यायच्या आधी

ओमानमधल्या सलालाहच्या दवाखान्यात माझ्या पुढच्या बाकावर दोघी बोलत बसल्या होत्या.

“खुदेजाभाभी, त्या फ्रेंच शूटिंगमध्ये तुम्ही स्वयंपाकाला होतात ना?”

“होते. पण त्यांच्या कॅमेरावाल्या म्हाताऱ्याने मला खिडकीत उभं केलं. हिरोईन यायच्या आधी माझ्या तोंडावर लाइट लावून बघायचा. ती आली की मी खलास, परत किचनमध्ये.”

“तुम्हीच का पण?”

“तिची न माझी उंची सारखी. म्हातारा चाळीस वर्षं कॅमेऱ्याचंच काम करतोय म्हणे. सुरुवातीला तो पण असाच दुसऱ्यांच्या जागी उभा राहायचा. म्हणून मला मध्येमध्ये खुर्ची द्यायचा बिचारा.”

“हुसैनभाईंना चाललं हे?”

“सांगितलंच नाही. फिल्ममध्ये मी दिसणारच नाही, मग सांगायचं काय?”

“आली का ती फिल्म?”

“परवा मोबाइलवर बघितली दोघांनी. खिडकीचा सीन आला तसे हे जवळ सरकले. म्हणाले, ‘ही बाई तुझ्यासारखी दिसते गं.’”

“या अल्ला! मग?”

“मग काय? निळ्या डोळ्यांची, माझ्या अर्ध्या वयाची ती. मी म्हटलं, चष्मा लावा. तर म्हणाले, लावलाय की.”