टीव्हीतल्या बापाची नोकरी

आमच्या हिची एक सवय आहे. टीव्हीतली माणसं समोरच बसल्यासारखी ती त्यांना झापते. ही बोईसरजवळच्या, समुद्राकाठच्या नवापूरची. मी साताऱ्याकडचा, बोईसरला कारखान्यात सुपरवायझर. मध्यंतरी आम्ही एक खुनाची मालिका बघायचो. त्यातला बाप एक खोटं झाकायला दुसरं बोलतो आणि बुडत जातो.

एके दिवशी आमच्या खात्यातल्या रमेश या कामगाराची बोटं मशीनमध्ये सापडून चिरडली. हात आत जाऊ नये म्हणून मशीनला असते ती जाळी, काम भराभर व्हावं म्हणून साहेबांनीच काढायला लावली होती. साहेब मला म्हणाले, "उद्या चौकशीत सांग, रमेशनंच काढली. तुलाही मुलगी शिकवायची आहे." मी मान हलवून घरी आलो. हिला काही बोललो नाही.

संध्याकाळी मालिकेतला बाप रडत म्हणाला, "मी सगळं घरच्यांसाठी केलं."

ताटातला सुका जवळा निवडता निवडता ही त्याला म्हणाली, "मेल्या, घरच्यांना इचारलंस काय? आमचं नाव कशाला घेतो?"

माझ्या तोंडून निघून गेलं, "अगं, त्याची नोकरी गेली असती."

हिनं टीव्हीचा आवाज बंद केला.

"त्याचं तर कपड्याचं दुकान हाय. नोकरी कोणाची जातेय?"

मग मी सगळं सांगितलं. "जाऊ दे नोकरी," ती म्हणाली. "पण तुमी खोटं बोलायचं नाय."

दुसऱ्या दिवशी खरं सांगितलं. रमेशवर आळ आला नाही. माझी बदली गोदामात झाली, पण झोप शांत लागते. तिचे हे उपकार मी विसरणार नाही.

ती विसरूही देत नाही. अजून टीव्ही लावण्याआधी विचारते, "आज काय झाकलंय काय? नसेल तर लावते."