वीसपैकी अकरा

दोह्यातल्या दवाखान्यात मधुरा आपला नंबर येण्याची वाट बघत होती. शेजारच्या खुर्च्यांवर एक आडदांड तरुण आणि त्याची आत्या मराठीत बोलत होते.

“फुफी, स्मरणशक्तीच्या टेस्टमध्ये पास झालो. डॉक्टरांनी सही केली की पुढच्या आठवड्यात इंग्लंडात रग्बी लीगची मॅच. नाहीतर क्लब करार मोडणार होता.”

“किती शब्द आठवले?”

“वीसपैकी अकरा. सीझनच्या आधीही अकराच होते. म्हणजे डोक्याला मार लागून काही बिघडलं नाही, असं धरतात.”

“अकराच? लहानपणी रत्नागिरी ते राजापूर एसटीचे सगळे थांबे ओळीनं म्हणायचास तू.”

“सीझनआधीच्या टेस्टला मुद्दाम चुकलो होतो. आधीचे मार्क कमी असले की मार लागल्यावर फरक दिसत नाही.”

“शहाणाच आहेस. आणि आज?”

“आज मनापासून दिली.”

“म्हण बरं ते थांबे.”

“आता इथे?”

“म्हण.”

“रत्नागिरी, हातखंबा, पाली...”

“पुढे?”

“पाली...”

दारातून नर्सने त्याचं नाव पुकारलं.

“फुफी, आत काही बोलू नकोस हं.”

“मी नाही बोलणार, झैद. तूच सांगायचंस. यल्ला, ऊठ.”