मी न कापलेली वायर

नको म्हणतोय, तरी सांगायलाच लावता. एक चहा पाजला म्हणजे मला विकत घेतलंत काय? ऐका मग.

आमच्या मुलुंडच्या बिल्डिंगीत गच्चीवरून नेटचं फायबर आलं, तेव्हा माझ्या भिंतीला भोक पाडलं म्हणून मी भांडलो होतो. पुढं नेट बंद पडलं, ते नेमकं नातीच्या ऑनलाइन इंटरव्ह्यूच्या दिवशी. वरचा तावडे, सोसायटीचा सेक्रेटरी, जिन्यात सगळ्यांसमोर म्हणाला, "वायर आबांनीच कापली असणार."

"कापायची असती तर तुझ्यासमोर कापली असती," मी म्हटलं.

नात रडत मैत्रिणीकडे गेली. जाताना म्हणाली, "आबा, माझ्याशी बोलू नका."

मग कंपनीचा माणूस आला. "आत केसाएवढी काच असते, जास्त वाकवली की उजेड पुढं जात नाही," म्हणाला. त्यानं खालच्या टोकातून लाल उजेड सोडला. आम्ही वायरीमागोमाग वर चढलो. माझ्या भिंतीत वायर धड होती. लाल उजेड फुटला तावड्याच्या गॅलरीत. तिथं वायर ताणून ग्रिलला गाठ मारलेली, आणि तिच्यावर दोन ओल्या चादरी.

तावडे म्हणाला, "दोरी तुटली होती ना."

नातीनं मैत्रिणीकडूनच इंटरव्ह्यू दिला, आणि संध्याकाळी येऊन माझी माफी मागितली. मागायचा राहिलाय तो एकटा तावडे.